जेवणानंतर उतरणारी साखर

(रुग्णालयाच्या वार्षिक स्नेहमेळाव्यात औषधवैद्यक व आहार विभागाच्या वतीने दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



दरवर्षी या व्यासपीठावरून हृदयविकार, मधुमेह, क्षयरोग अशा ठसठशीत आजारांविषयी बोलण्याचा प्रघात आहे. यंदा आम्ही एक तुलनेने लहान, पुष्कळदा दुर्लक्षिला जाणारा आणि तितक्याच वेळा नसताना माथी मारला जाणारा विषय निवडला आहे. जेवणानंतर दोनतीन तासांनी रक्तातील साखर प्रमाणाबाहेर उतरणे, हा तो विषय. तो निवडण्यास एक गृहस्थ कारणीभूत झाले. त्यांच्या संमतीने, नाव न घेता, त्यांची हकीकत आपणांपुढे ठेवतो.

हे गृहस्थ बाजार समितीत हमालीचे काम करीत. वय पन्नाशीच्या पुढचे. सकाळी आठ-नऊच्या सुमारास दोन पाव आणि दोन कप गोड चहा घ्यायचा आणि कामाला लागायचे, हा त्यांचा नेम. अकरा वाजण्याच्या आतबाहेर त्यांना दरदरून घाम सुटे, हात थरथरू लागत, बोलणे तुटक होई. कधी कधी ते पोत्यांच्या थप्पीशेजारी कोसळत. सोबतचे हमाल तोंडावर पाणी मारीत, साखरेचे पाणी किंवा आणखी एक गोड चहा पाजीत आणि पाचदहा मिनिटांत ते उठून बसत. घरच्यांनी प्रथम त्याला पित्त म्हटले, मग ‘बीपी लो’ म्हटले. एकदा हातापायांना झटके आले, तेव्हा ती फिट ठरली. पुढे सहा वर्षे ते फिटच्या गोळ्या घेत होते. गोळ्यांनी झोप येई, पण अकराची घेरी काही थांबेना.

ते आमच्याकडे प्रथम आले तेव्हा आम्हीही चुकलो, हे आज मोकळेपणाने सांगितले पाहिजे. त्यांना उपाशीपोटी बोलावून रक्तशर्करा तपासली. ती अगदी नेमस्त निघाली. ‘साखर उत्तम आहे’ असा शेरा लिहून आम्ही त्यांना परत पाठविले. ज्या माणसाला खाल्ल्यानंतर त्रास होतो, त्याची परीक्षा आम्ही उपाशीपोटी घेतली! दुसऱ्या खेपेस त्यांच्या पत्नी सोबत आल्या. त्यांनी पदराच्या गाठीतून साखरेची पुडी काढून टेबलावर ठेवली आणि म्हणाल्या, “डॉक्टरसाहेब, हे दिलं की उठतात. मग साखर उत्तम कशी?” या साध्या प्रश्नाने आमचे डोळे उघडले.

हा प्रश्न समजून घेण्यासाठी शरीराचा हिशेब थोडा पाहावा लागेल. प्रौढ माणसाच्या संपूर्ण रक्तात कोणत्याही क्षणी जेमतेम पाच ग्रॅम साखर असते, म्हणजे चहाचा एक चमचा. आपला मेंदू मात्र दिवसाकाठी सुमारे १२० ग्रॅम साखर खर्च करतो आणि ती साठवून ठेवण्याची त्याची स्वतःची कोठी नगण्य आहे. म्हणून हा एक चमचा रिकामा होऊ नये आणि ओसंडूही नये, यासाठी शरीराची अखंड धडपड चालू असते. आपण जेवलो की जठर आपल्यातील अन्न थोडे थोडे करून लहान आतड्यात सोडते, तेथून साखर रक्तात येते. ती वाढू लागताच स्वादुपिंड इन्सुलिन सोडते आणि हे इन्सुलिन तिला स्नायूंत, मेदात व यकृतात नेऊन ठेवते. जेवणानंतर काही तासांनी साखर खाली येऊ लागली की यकृत आपली कोठी उघडते. आवक, साठवण आणि पुन्हा वाटप असा हा व्यवहार एरवी इतका बिनबोभाट चालतो की त्याची आपल्याला जाणीवही नसते.

बिघाड होतो तो या व्यवहारातील वेळेचा. साखर एकदम लोटली किंवा इन्सुलिन उशिरा आणि गरजेपेक्षा जास्त आले, तर साखर रक्तातून निघून गेल्यावरही इन्सुलिनचे काम चालूच राहते. मग ॲड्रिनॅलिनसारखी संप्रेरके धोक्याची घंटा वाजवतात. घाम, थरथर, धडधड, अनावर भूक, अकारण घाबरेपणा हा त्या घंटेचा आवाज होय. साखर आणखी उतरली तर मेंदूच उपाशी पडतो. माणूस गोंधळतो, असंबद्ध बोलतो, चिडतो, डोळ्यांपुढे अंधारी येते, क्वचित झटकेही येतात. आमच्या हमालबंधूंच्या ‘फिट’चे मूळ इथे होते.

वैद्यकाला ही गोष्ट कळली, तीही काहीशा आडवाटेने. टोरांटोत १९२१ साली इन्सुलिनचा शोध लागला आणि मधुमेहींना ते टोचले जाऊ लागले. मात्रा जास्त झाली की रुग्णाला घाम सुटून तो घेरी येऊन पडे. अमेरिकेतील अलाबामा राज्याचे डॉ. सील हॅरिस यांच्या ध्यानात आले की अशीच लक्षणे मधुमेह नसलेल्या, कधीही इन्सुलिन न टोचलेल्या माणसांतही दिसतात. मग त्यांचे स्वतःचे स्वादुपिंडच जास्त इन्सुलिन सोडीत नसेल कशावरून? हा विचार त्यांनी १९२४ साली मांडला. पुढे १९३०च्या दशकात न्यूयॉर्कचे शल्यविशारद ॲलन व्हिपल यांनी निदानासाठी तीन अटी घालून दिल्या, त्या आजही पाळल्या जातात. लक्षणे असली पाहिजेत, नेमक्या त्याच वेळी रक्तातील साखर कमी आढळली पाहिजे आणि साखर दिल्यावर ती लक्षणे गेली पाहिजेत. तिन्ही एकत्र जुळल्याविना हे नाव रुग्णाला चिकटवायचे नाही.

हे सांगण्याचे कारण आहे. १९७०च्या दशकात अमेरिकेत या निदानाची जणू साथच आली. थकवा, उदासी, चिडचिड, निद्रानाश, सगळ्याचे खापर ‘लो शुगर’वर फुटू लागले. अखेर १९७३ साली तेथील मधुमेह, अंतःस्रावी ग्रंथी व सर्वसाधारण वैद्यक या क्षेत्रांतील प्रमुख संघटनांना संयुक्त निवेदन काढून सांगावे लागले की लोकांना वाटते तितका हा विकार सर्वत्र नाही. आपल्याकडे अलीकडे घरोघरी ग्लुकोमीटर आल्यापासून तसेच काहीसे घडताना आम्ही पाहतो. जरा मरगळ आली की बोट टोचायचे, ७४ आकडा दिसला की लाडू खायचा! मधुमेह नसलेल्या माणसाच्या बाबतीत ७४ हा आकडा निरोगीच आहे. लक्षणांसह दर १०० मिलिलिटर रक्तात ५५ मिलिग्रॅमच्या खाली साखर गेली, तर आम्ही तिची गांभीर्याने दखल घेतो. शिवाय घरगुती यंत्राचा आकडा सत्तर-ऐंशीच्या परिसरात दहा-पंधराने इकडेतिकडे होऊ शकतो. ते यंत्र मधुमेहींसाठी फार उपयोगी आहे, पण या निदानाचा कौल त्याच्यावर सोडता येत नाही. कौल शिरेतून घेतलेल्या रक्तावर, प्रयोगशाळेत लागतो. तेथेही नमुना योग्य नळीत आणि वेळेत जावा लागतो. साध्या नळीत तासन्‌तास पडून राहिलेल्या रक्तातील पेशी त्यातली साखर खात राहतात आणि निरोगी माणसाचाही आकडा खोटा उतरतो.

मग तपासणी कशी करावी? केवळ ग्लुकोजचे पाणी पाजून केलेल्या चाचणीवर आम्ही विसंबत नाही, कारण ते पाणी प्यायल्यावर काही अगदी धडधाकट माणसांची साखरही काही तासांनी बरीच उतरते. त्याऐवजी ज्या तऱ्हेच्या जेवणानंतर त्रास होतो तशा तऱ्हेचे, पिष्ट, प्रथिने आणि स्निग्ध पदार्थ असलेले जेवण देऊन पुढे पाच तास दर अर्ध्या तासाने रक्त घ्यायचे, ही पद्धत योग्य. ऐकायला सोपी आहे. पण रोजंदारीवर काम करणाऱ्या माणसाने पाच तास खुर्चीवर बसायचे म्हणजे त्या दिवसाची मजुरी गेली, सोबतीला बायको आली तर तिचीही गेली. बाह्यरुग्ण विभागाच्या कोपऱ्यात या तपासणीसाठी दोन आरामखुर्च्या आहेत, हे आपल्यापैकी काहींनी पाहिले असेल. त्या खुर्च्या आणि नळ्यांचा खर्च आपल्या देणगीतून भागतो. बुडालेल्या मजुरीची सोय मात्र आमच्या कोणत्याही लेखाशीर्षात बसत नाही. विश्वस्तांनी यावर विचार करावा अशी आमची विनंती आहे. तपासणी फुकट असूनही रुग्ण फिरकत नाहीत, त्याचे कारण पुष्कळदा हेच असते.

आमचे हमालबंधू मात्र बसले. त्यांच्या नेहमीच्या न्याहारीसारखीच न्याहारी दिली. पाऊण तासाने साखर २३० वर गेली. दोन तास होता होता त्यांच्या कपाळावर घामाचे थेंब दिसू लागले, नाव विचारले तर उत्तराला वेळ लागू लागला. त्या क्षणी घेतलेल्या नमुन्यात साखर ४६ निघाली. ग्लुकोज दिले आणि काही मिनिटांत ते स्वतःहून म्हणाले, “आता बरं वाटतंय.” व्हिपल यांच्या तिन्ही अटी आमच्या डोळ्यांदेखत पुऱ्या झाल्या.

कारणही त्यांच्या पोटावरच लिहिलेले होते. पंचवीसएक वर्षांपूर्वी जठरव्रणासाठी त्यांची शस्त्रक्रिया झाली होती. त्या काळी जठर थेट लहान आतड्याला जोडून देण्याची शस्त्रक्रिया गावोगावच्या रुग्णालयांत होत असे. अनेकांचे प्राण तिने वाचविले. पण जठराच्या दाराशी असलेला द्वारपाल त्यामुळे निकामी होतो. गोड चहा आणि पाव थोडे थोडे न जाता आतड्यात एकदम ओतले जातात, साखर उसळते, मागोमाग इन्सुलिनचा लोंढा येतो आणि साखर कोसळते. पोटावरचा जुना व्रण आम्ही पहिल्या भेटीत पाहिलाही होता. त्याचा संबंध जोडला नाही इतकेच. आता लठ्ठपणासाठी जठराच्या शस्त्रक्रिया होऊ लागल्या आहेत. त्यांच्यानंतरही काही रुग्णांत हाच प्रकार, बहुधा वर्षभराने किंवा त्याहून उशिरा, दिसतो. पोटाची कोणतीही शस्त्रक्रिया झाली असेल, मग ती कितीही जुनी असो, तर ती डॉक्टरांना आवर्जून सांगावी.

सर्वांचे कारण असे शस्त्रक्रियेचे नसते. मधुमेहाच्या उंबरठ्यावर असलेल्या काही व्यक्तींत स्वादुपिंडाचा पहिला प्रतिसाद मंदावतो. इन्सुलिन उशिरा येते आणि मग भरपाई केल्यासारखे जास्त येते, त्यामुळे जेवणानंतर तीन ते पाच तासांनी घेरी येते. साखर ‘कमी’ होते म्हणून निर्धास्त होणाऱ्या या माणसाला पुढे साखर ‘वाढण्याचा’ रोग जडण्याची शक्यता असते, हा या विकारातला विरोधाभास आहे. अंगाने सडपातळ आहोत म्हणून आपल्याला ही भीती नाही, असेही समजू नये. पुण्याच्या केईएम रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांच्या संशोधनाने दाखवून दिले आहे की वजन-उंचीचे प्रमाण सारखे असले तरी भारतीय शरीरात चरबीचा वाटा पुष्कळ जास्त असू शकतो. घराण्यात मधुमेह असेल तर अशा घेरीकडे आगाऊ सूचना म्हणून पाहावे.

एक दुर्मीळ कारण आम्ही मुद्दाम सांगतो, कारण ते औषधाच्या डब्यात दडलेले असू शकते. जपानमध्ये डॉ. हिराता यांनी १९७० साली असा विकार वर्णिला की ज्यात शरीर इन्सुलिनविरुद्धच प्रतिपिंडे तयार करते. ही प्रतिपिंडे इन्सुलिन धरून ठेवतात आणि नको त्या वेळी सोडतात. काही औषधांनी तो उद्भवू शकतो, आणि त्यांत हातापायांच्या मुंग्यांसाठी सर्रास घेतल्या जाणाऱ्या गोळ्यांतील अल्फा लिपोइक आम्ल हेही आहे. म्हणून दवाखान्यात येताना ‘ताकदीच्या’ गोळ्यांचीही पाकिटे आणावीत. त्रास जेवणानंतर न होता पहाटे किंवा उपास घडल्यावर होत असेल, तर तो वेगळाच मामला. स्वादुपिंडातील गाठीपर्यंत त्याचा शोध घ्यावा लागतो.

आणि शेवटी असे रुग्ण, ज्यांना त्रास खरा होतो पण त्या वेळी साखर नेमस्त निघते. अशांना ‘तुम्हाला काही झालेले नाही’ असे सांगणे आम्हांस अप्रशस्त वाटते. त्यांना साखरेचा रोग नाही, एवढेच खरे. घाम, धडधड खोटी नव्हे. रक्तक्षय, गलग्रंथीचा विकार, हृदयाची अनियमित गती, मनाचा ताण यांकडे मग पाहावे लागते. गंमत अशी की पुढे सांगितलेल्या आहाराने त्यांच्यापैकीही अनेकांना बरे वाटते.

आता उपायांकडे वळू. प्रत्यक्ष झटका आला तर रुग्णाला बसवावे आणि तो शुद्धीवर असेल, गिळू शकत असेल, तर तीन चहाचे चमचे, म्हणजे सुमारे पंधरा ग्रॅम, ग्लुकोज किंवा साखर पाण्यातून द्यावी. पंधरा मिनिटांत आराम न पडल्यास पुन्हा एकदा द्यावी. इथवर सर्वांना ठाऊक असते. पुढची पायरी चुकते. बरे वाटताच लोक गोड चहा, बिस्किटे, केळे यांचा मारा करतात. त्या गोडाने साखर पुन्हा उसळते आणि दोन तासांनी पुन्हा कोसळते. हमालबंधूंना उठविणारा अकराचा चहाच त्यांना एक वाजता पाडीत होता. म्हणून बरे वाटल्यावर मूठभर फुटाणे, शेंगदाणे, वाटीभर दही किंवा पिठल्यासोबत अर्धी भाकरी असे सावकाश पचणारे काही द्यावे. रुग्ण बेशुद्ध असेल तर तोंडात काहीही घालू नये, पाणीसुद्धा नाही. ते श्वासनलिकेत जाऊन जीव जाऊ शकतो. त्याला कुशीवर वळवून १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी.

इथे एक भेद स्पष्ट केला पाहिजे. इन्सुलिन घेणाऱ्या किंवा स्वादुपिंडाला चालना देणाऱ्या गोळ्या घेणाऱ्या मधुमेहींना अशी लक्षणे दिसली, तर ‘आधी तपासू, मग बघू’ हा विचार करू नये. यंत्र हाताशी असेल तर ७० च्या खालचा आकडा पुरेसा आहे, नसेल तर लक्षणे पुरेशी आहेत. साखर ताबडतोब द्यावी. काही गोळ्यांचा अंमल दिवसभर टिकतो, म्हणून बरे वाटले तरी त्याच दिवशी डॉक्टरांना कळवावे.

खरा उपाय ताटात आहे. आपल्या ताटाला नावे ठेवणे आमच्या मनात नाही. डावी-उजवी बाजू असलेले, चटणी-कोशिंबिरीपासून ताकापर्यंत विचार केलेले असे जेवण फार थोड्या प्रांतांत असेल. पण रोजच्या धावपळीत त्या ताटातले काय उरले, ते पाहावे. सकाळी पोहे आणि गोड चहा, दुपारी भाताचा डोंगर आणि त्यावर पळीभर पातळ वरण, पाच वाजता चहा-बिस्किट. उसळ आठवड्यातून एकदा, कोशिंबीर सणावारी. आमचे सांगणे इतकेच की पहिला घास भाताचा नसावा. आधी कोशिंबीर, उसळ किंवा घट्ट आमटीची वाटी संपवावी, मग पोळी-भाकरी, आणि भात शेवटी व मोजका. पिष्टाच्या आधी भाज्या व प्रथिने पोटात गेली तर साखरेची उसळी बरीच कमी होते, असे अलीकडच्या अभ्यासांत आढळले आहे. साध्या वरणभाताने जेवणाचा श्रीगणेशा करणाऱ्यांना हे जड जाईल, याची आम्हांस कल्पना आहे. आमच्यातल्याही काहींना जड गेले! पोह्यांत मटार, दाणे घालावेत, सोबत उकडलेले अंडे किंवा दही घ्यावे. दोन मोठ्या जेवणांऐवजी तीन-तीन तासांनी थोडे थोडे खावे. उसाचा रस, सरबत, फळांचा रस रिकाम्या पोटी घेऊ नये. मद्य तर रिकाम्या पोटी मुळीच नको, कारण ते यकृताचा साखर बनविण्याचा कारखानाच बंद पाडते.

उपासाचा प्रश्न दरवेळी निघतो. ‘एकादशी, दुप्पट खाशी’ ही म्हण विनोदी खरी, पण या रुग्णांच्या बाबतीत ती शब्दशः लागू पडते. साबुदाणा म्हणजे जवळजवळ निव्वळ पिष्ट. त्यात प्रथिने नाममात्र. खिचडीत घातलेला दाण्याचा कूट हाच काय तो आधार. त्यावर केळे आणि गोड चहा झाला की दुपारी घेरी ठरलेली. ज्यांना उपास मोडायचा नाही त्यांनी राजगिऱ्याची भाकरी, दाण्याची आमटी, दही-ताक यांवर भर द्यावा, साबुदाणा चवीपुरता ठेवावा आणि दिवसभर उपाशी राहून रात्री एकदम फराळ करणे टाळावे.

जठराची शस्त्रक्रिया झालेल्यांसाठी दोन सूचना अधिक. जेवताना पाणी, ताक, चहा घेऊ नये. अर्धा तास आधी किंवा नंतर घ्यावे, म्हणजे अन्न वाहून जात नाही. आणि जेवणानंतर पंधरावीस मिनिटे टेकून पडावे. मधुमेहाच्या उंबरठ्यावरच्या माणसाला आम्ही जेवणानंतर शतपावली करायला सांगतो, यांना मात्र विश्रांती. एकाच लक्षणाला दोन परस्परविरोधी सल्ले ऐकून शेजारच्या खुर्च्यांवरचे दोन रुग्ण एकदा आमच्याशी भांडायला उठले होते. एवढ्याने भागले नाही तर अकार्बोज नावाची गोळी जेवणाच्या पहिल्या घासासोबत देतात. ती पिष्टाचे पचन मंदावते. तिच्याबाबत घरच्यांनी एक लक्षात ठेवावे: ही गोळी चालू असताना झटका आला तर नेहमीची साखर लवकर लागू पडत नाही, कारण तिचेही पचन मंदावलेले असते. अशा वेळी ग्लुकोजची पूडच हवी.

हमालबंधूंना सुरुवातीला गोळीची गरज लागली नाही. न्याहारीला ज्वारीची भाकरी आणि मटकीची उसळ, चहा अर्धा कप व बिनसाखरेचा, तोही न्याहारीनंतर अर्ध्या तासाने, दहाच्या सुमारास फुटाणे आणि थोडी विश्रांती, एवढ्यावर अकराची घेरी थांबली. फिटच्या गोळ्या मेंदूविकारतज्ज्ञांनी तपासून, काही महिन्यांत टप्प्याटप्प्याने बंद केल्या. अशा गोळ्या कोणीही आपल्या मनाने थांबवू नयेत, हे इथेच सांगून ठेवतो. बिनसाखरेचा चहा त्यांना अजून आवडत नाही. मुकादमाने त्यांना थप्पीवरचे काम न देता काट्यावर पोती मोजण्याचे काम दिले होते, ते मात्र त्यांनी सोडले, कारण त्यात मजुरी कमी. मागच्या तपासणीला त्यांच्या पत्नी आल्या, तेव्हा पदराला गाठ होतीच. आता तिच्यात साखरेऐवजी ग्लुकोजची पुडी होती, आणि सोबत एका वहीत कोणत्या दिवशी काय खाल्ले नि कसे वाटले, याची मुलीच्या अक्षरात लिहिलेली नोंद होती.